काकूंचं ‘आत्ता’

न्यू जर्सीत, पार्सिपनीतल्या आमच्या काकू ‘आत्ता!’ म्हणाल्या की डेलावेअर नदीपलीकडे, पेनसिल्व्हेनियातल्या बायका दचकून गॅसवरचा चहा उतरवत. ही थाप वाटेल. पण ज्यांनी काकूंना ऐकलंय ते म्हणतील, यात एक राज्य कमीच सांगितलंय. कुठल्याही गोष्टीचा नेमका क्षण काकूंना कळायचा, आणि कळला की त्या तो साऱ्या जगाला कळवायच्या. फोडणीत हिंग कधी घालायचा, रूट ऐंशीवर ट्रकांच्या रांगेत गाडी कधी घुसवायची, मंडळाच्या अध्यक्षांचं भाषण कुठल्या वाक्याला टाळ्या वाजवून बंद पाडायचं, सगळ्याला एकच शब्द. लग्नात अंतरपाट धरणारे गुरुजींकडे बघायचे नाहीत, काकूंकडे बघायचे. एका लग्नात काकूंना शिंक येता येईना, म्हणून नवरानवरी अंतरपाटाच्या दोन बाजूंना हार घेऊन ताटकळत राहिली होती. हे मी पाहिलेलं नाही. पण इतक्या वेळा सांगितलंय की आता ते झालेलंच आहे.

हा गुण त्यांना धंद्यातून आला होता. मिरजेत डॉक्टर झालेल्या काकू लग्न करून अमेरिकेत आल्या आणि जन्मभर ऑपरेशनच्या टेबलाशी भूल देण्याचं काम केलं. ‘अर्ध्या न्यू जर्सीला मी झोपवलंय,’ त्या म्हणायच्या, ‘आणि मुख्य म्हणजे उठवलंय. झोपवायला काय, तुझ्या गोष्टी ऐकूनही माणूस झोपतो. उठवायचं कधी, ते कळलं पाहिजे.’

मी त्यांच्या बेसमेंटमध्ये राहणारा, चिंचवडचा, कॉम्प्युटरवर पोट भरणारा. माझं नाव त्यांना ठाऊक होतं, कारण माझी पत्रं त्यांच्याच पेटीत यायची. पण हाक ‘थापाड्या’. ‘थापाड्या, वर ये, उपमा झालाय.’ ‘थापाड्या, बर्फ काढ, पोस्टमन घसरेल.’ माझी आई फोनवर आली तर तिलाही ‘तुमचा थापाड्या आत्ताच जेवला’. आईनं कधी हरकत घेतली नाही, यावरून काय ते समजा.

वर काका होते. काका पुलांचे इंजिनियर. न्यू जर्सीत नद्यांपेक्षा पूल जास्त आहेत ते काकांमुळे, असं मी पाहुण्यांना सांगत असे, आणि पाहुणे मान डोलावत. मी राहायला येण्याआधीच काकांना स्ट्रोक झाला होता. उजवा हात लुळा पडला आणि बोलणं गेलं. सगळे शब्द गेले, एक तेवढा मागे राहिला. ‘बरं.’ भूक लागली, ‘बरं’. पाठ खाजली, ‘बरं’. शेजाऱ्याचा कुत्रा अंगणात येऊन बसला, ‘बरं!’ त्या एका शब्दाचे सगळे अर्थ काकूंना पाठ होते. काका वरणभाताकडे बघून ‘बरं’ म्हणाले की काकू मिठाची बरणी पुढे सरकवत. मी म्हटलं, ‘काकू, तुम्हाला कसं कळतं?’ तर म्हणाल्या, ‘बोलता येत होतं तेव्हा तरी हे आणखी काय बोलत होते?’

पण खरं दुखणं ते नव्हतं. डावा हात चांगला होता. काठी घेऊन चालता येत होतं. बुद्धी तर माझ्यापेक्षा शाबूत. गेली होती ती सुरुवात. ताट समोर ठेवा, चमचा हातात द्या, काका चमच्याकडे बघत बसायचे. काकू स्वयंपाकघरातून ‘आत्ता!’ म्हणायच्या की घास तोंडात. पुढचा घास, पुन्हा ‘आत्ता’. उठायला, बसायला, बूट घालायला, अंघोळीचा नळ सोडायला, सगळ्याला बाहेरून एक धक्का लागायचा. ‘ह्यांचं इंजिन उत्तम आहे रे,’ काकू म्हणायच्या, ‘स्टार्टर गेलाय.’ आणि स्टार्टर म्हणून त्या स्वतःच बसल्या होत्या.

आता माझ्या बाळ्याबद्दल सांगतो. सनीव्हेलला नोकरीला असताना मी एका गराज सेलमधून एक जुनाट जपानी गेम उचलला होता. एका सुपरहिरोच्या सिनेमावरून केलेला. गेम कसला, सिनेमाच तो. खरी माणसं, खरा समुद्र, रबराचा राक्षस, आणि चंदेरी मुखवटा घातलेला हिरो. आपण बघत बसायचं. मध्येच पडद्याच्या कोपऱ्यात एक लाल ठिणगी चमकते. तेवढ्यात बटण दाबलं तर हिरो वाचतो आणि सिनेमा पुढे सरकतो. हुकलं तर हिरो मरतो. साधासुधा नाही, व्हायोलिन वाजवत, आकाशाकडे बघत, जपानीत आईला हाक मारत मरतो. आणि पुन्हा पहिल्यापासून. मी त्याला कॅलिफोर्नियापासून न्यू जर्सीपर्यंत मारत आणला होता. त्याच्या मरणाला मी इतका सरावलो होतो की तेवढ्यात जाऊन डिशवॉशर लावून यायचो.

एका शनिवारी सकाळी व्हायोलिनचा आवाज वर गेला आणि काकू थालीपिठाचं ताट घेऊन जिना उतरल्या.

‘अरे, हा मेला की!’

‘तो मरतोच तिथे, काकू.’

‘मरतोच म्हणजे? तू काय करत होतास?’

‘बटण दाबत होतो.’

‘उशिरा दाबत होतास. लाव परत.’ त्या माझ्या पलंगावर बसल्या. समुद्रातून खेकड्यासारखा राक्षस बाहेर आला. काकूंनी त्याच्या बटबटीत डोळ्यांकडे डॉक्टरी नजरेनं पाहिलं. ‘ह्या खेकड्याला थायरॉइड आहे. थांब... थांब... घाई नको... आत्ता!’

बाळ्या नांगीखालून सुटला. त्याचं बारसं तिथेच झालं. काकू ओरडल्या, ‘शाब्बास रे बाळ्या!’ आणि मी इतक्या वर्षांत प्रथमच त्या सिनेमाचा पुढचा भाग पाहिला. पुढे एक पूल होता.

पूल म्हटल्यावर काका आलेच. काकांना जिना उतरवणं अवघड, म्हणून आम्ही सगळं लटांबर वर हॉलमध्ये नेलं. पडद्यावर खेकड्यानं पुलाच्या एका खांबाला धक्का दिला आणि अख्खा पूल पत्त्यांच्या बंगल्यासारखा कोसळला. काका खुर्चीत ताठ झाले. ‘बरं?!’

‘काय म्हणतायत?’ मी विचारलं.

‘म्हणतायत, असा पूल असा पडतच नाही,’ काकू म्हणाल्या. ‘कंत्राटदार कोण होता विचारतायत.’

काकांना पुढचं बघायचं होतं. स्ट्रोकनंतर त्यांना काही हवंसं वाटलेलं मी पहिल्यांदाच पाहिलं. त्याआधी हाताच्या व्यायामासाठी एक मुलगी यायची, रंगीत मणी ओवायला द्यायची. काका ते मणी तसेच मुठीत धरून बसत. पण आता काकूंनी रिमोट त्यांच्या डाव्या हातात दिला, अंगठा बटणावर ठेवला, आणि स्वतः बाजूच्या खुर्चीत बसल्या. ठिणगी चमकली. ‘आत्ता!’ अंगठा खाली. बाळ्या वाचला. काकांनी मान वळवून काकूंकडे असं बघितलं की मी उगाच पाणी प्यायला उठलो.

मग काय, दर शनिवार-रविवारी जेवणं झाली की बाळ्या. पार्सिपनीत बातमी पसरली. तासाभरावरच्या वेस्ट विंडसरहून लोक डबे घेऊन येऊ लागले. मी तर म्हणेन गाड्यांची रांग हायवेपर्यंत लागायची, पण काकू असत्या तर म्हणाल्या असत्या, ‘तीन गाड्या होत्या, त्यातली एक तुझी.’ एकदा तर काकू आणि काकांनी मिळून बाळ्याला पुलापलीकडे नेऊन पार सिनेमाच्या शेवटापर्यंत पोचवला. खेकडा समुद्रात परत गेला, बाळ्यानं मुखवटा काढला, आणि आत एक साधा, थकलेला, मध्यमवयीन माणूस निघाला. काकूंनी शिरा केला. आम्हाला वाटलं, काका सुधारले.

ते वाटणं एका फोननं उतरलं. त्यांची मुलगी शाल्मली डॅलसला असते. जन्म इथलाच. मायाळू पोर, पण बोलायला लागली की मीटिंग घेतल्यासारखी. त्या दिवशी खेळ चालू असताना तिचा फोन आला, काकू स्वयंपाकघरात गेल्या आणि त्यांनी भाजी चिरता चिरता स्पीकर लावला. त्यामुळे दोन्ही बाजू मला ऐकू येत होत्या.

‘आई, लिसन. सर्जरी फर्स्ट. बाबांसाठी इथे एक व्हेरी नाइस फॅसिलिटी आहे. माझ्या घराच्या जवळ.’

‘त्या नाइस फॅसिलिटीत त्यांचं बरं कोणाला कळणार?’

‘दे आर ट्रेन्ड, आई.’

‘मराठीत?’

‘आई, प्लीज. तू घरात पडलीस तर बाबा कोणाला बोलवू पण शकत नाही. ही विल जस्ट सिट देअर. बाबा एकदा, जस्ट वन्स, स्वतःहून हेल्प बोलवू दे. मग तू सर्जरी कर, बाबा घरी राहू दे, मी हेल्पर ठेवते, आय वोन्ट से अ वर्ड. प्रॉमिस.’

इकडे हॉलमध्ये मी पडद्याकडे बघत होतो. ठिणगी चमकली. काकांचा अंगठा बटणावर होता. नजर मात्र काकूंच्या रिकाम्या खुर्चीवर. बाळ्या मेला. पुन्हा सुरू झालं, पुन्हा ठिणगी, पुन्हा काका खुर्चीकडे बघतायत, पुन्हा व्हायोलिन.

काकू पदराला हात पुसत दारात येऊन उभ्या राहिल्या. त्यांनी एक मरण पूर्ण पाहिलं.

‘मी गेल्यापासून असंच चाललंय?’

‘हो काकू.’

‘आपण चुकलो रे, थापाड्या,’ त्या खाली बसत म्हणाल्या. ‘आपण ह्यांच्या कानाला शिकवत बसलो. डोळा तसाच कोरा राहिला.’

तोवर मला सर्जरीचा पत्ताच नव्हता. दुसऱ्या दिवशी गाडीत त्यांनी सांगितलं, तेही भाजीचा भाव सांगावा तसं. हृदयाची एक झडप चिंचोळी झाली होती. चालताना धाप लागायची, कधी डोळ्यांपुढे अंधारी यायची. झडप बदलायला हवी होती.

‘मग बदला की!’

‘बदलते ना. पण मी टेबलावर झोपले की शाल्मली ह्यांना घेऊन जाणार. आणि एकदा नेलं की परत कोण आणतंय? तिथे बायका गोड बोलतील, पुडिंग देतील. हे बरं म्हणतील, त्यांना वाटेल बरं आहे.’ मग थोड्या वेळानं म्हणाल्या, ‘माणसाला एकच शब्द उरलाय आणि तोही कोणाला समजू नये, असं कसं करायचं?’

काकांच्या गळ्यात मदतीचं एक बटण आधीपासून होतं, इथल्या पुष्कळ म्हाताऱ्यांच्या गळ्यात असतं तसं. दाबलं की टेबलावरच्या डबीतून एक बाई बोलते, काय झालं विचारते, आणि नीट उत्तर नाही आलं तर अँब्युलन्स पाठवते. काकांनी ते कधी दाबलं नव्हतं. आता काकूंनी ठरवलं होतं की त्यांचा अंगठा बाळ्याच्या निमित्ताने आपणहून हलायला शिकला, की तोच अंगठा त्या बटणावरही हलेल. आणि त्यासाठी काकूंना आयुष्यात कधी न केलेली एक गोष्ट करायची होती. गप्प बसायचं होतं.

काकू गप्प बसल्या त्या पहिल्या शनिवारी शेजारची गोरी बाई दार वाजवून सगळं ठीक आहे ना विचारून गेली. काकूंनी तोंडात आवळासुपारीचा मोठा तोबरा भरला होता. ठिणगी चमकली की त्यांचे गाल फुगत, डोळे मोठे होत, हात खुर्चीचा दांडा आवळत. केटलीचं झाकण उडतं तसं काहीतरी आता होणार असं वाटे. बाळ्या मेला की त्या सुपारी गिळून म्हणायच्या, ‘काही हरकत नाही. परत लाव.’ आणि काका त्यांच्याकडे बघून ‘बरं’ म्हणायचे. त्या ‘बरं’चा अर्थ मलाही कळायचा. तू बोलत का नाहीस, असा होता तो.

मी रागावलो. म्हटलं, ‘काकू, तारीख घ्या आता. खेळ आहे हो तो.’

‘तुला खेळ आहे.’

‘आणि तुम्हाला काही झालं म्हणजे?’

‘मला होणारच आहे. मी भूल देत होते, थापाड्या, अमृत नाही. पूल ओलांडू दे ह्यांना एकट्याने. मग घेते तारीख.’

काकू फोटो काढताना हसतात तसं हसल्या.

काका खेकड्यापलीकडे एकट्याने पोचले तो दिवस मला दिसतो. बाहेर पानगळीचा कचरा गोळा करणारं यंत्र घरघरत होतं. काकूंच्या तोंडात सुपारी. ठिणगी चमकली. काकांनी खुर्चीकडे पाहिलं. काकू भिंतीकडे बघायला लागल्या. काकांनी पुन्हा पडद्याकडे पाहिलं, आणि अंगठा दाबला गेला. अगदी शेवटच्या घटकेला, पण दाबला गेला. बाळ्या सुटला. मी आरडाओरडा केला, मंडळाच्या गणपतीतसुद्धा कधी केला नसेल इतका. काकू उठून आत गेल्या आणि बराच वेळ नळ सोडून उभ्या राहिल्या. भांडी सगळी घासलेली होती.

पुढचं जे सांगायचं ते मी वाढवून सांगणार नाही. काकूंनी तशी ताकीद दिली आहे.

पुलाची ठिणगी काकांना काही साधली नव्हती. काकूंनी तारीख घेतली नव्हती. एका कामाच्या दिवशी सकाळी मी खाली, कानाला हेडफोन लावून, ऑफिसच्या मीटिंगमध्ये होतो. वरून सायरनचा आवाज आला तेव्हा मला वाटलं रस्त्यावर काहीतरी झालंय. मग दारावर धक्के. मी वर धावलो. स्वयंपाकघरात काकू जमिनीवर, स्टूल उलटं पडलेलं, वरच्या फळीवरचं पातेलं एका कोपऱ्यात. चहा आटून भांडं करपलं होतं. काका काठी टाकून काकूंच्या डोक्याशी जमिनीवरच बसले होते, गळ्यातलं बटण डाव्या मुठीत. डबीतली बाई अजून बोलत होती, ‘सर? सर, हेल्प इज देअर नाऊ, सर?’ आणि काका तिला परत परत सांगत होते, ‘बरं. बरं. बरं.’

काकू पूर्ण शुद्धीत होत्या. स्ट्रेचरवर घेताना कंबरेपासून वेदना होऊन त्यांनी ओठ चावला, पण माझ्याकडे बघून डोळे मिचकावले.

हॉस्पिटलमध्ये त्यांनी मला पलंगाजवळ बोलावलं. मांडीचं हाड वर खुब्याशी मोडलं होतं. शाल्मली विमानात होती.

‘ऐक. आणि हे जसं आहे तसंच सांगायचं. पदरचं काही घालू नकोस.’

‘सांगा.’

‘मला ओरडता येत होतं.’

मला कळेना.

‘पडले तेव्हा. शुद्धीत होते. तुला हाक मारली असती तर तू हेडफोनमधूनसुद्धा ऐकली असतीस. ह्यांना नुसतं आत्ता म्हटलं असतं तरी त्यांनी दाबलं असतं. मी नाही म्हटलं.’

‘काकू!’

‘गप. हे टेबलाशी बसले होते. उठून आले. माझ्या तोंडाकडे बघत राहिले, नेहमीसारखे. मी तोंड घट्ट मिटलं. मग वाटलं, मी डोळ्यांनीसुद्धा ओरडते. म्हणून डोळेही मिटले.’ त्या थांबल्या, श्वास लागत होता. ‘चहा उतू गेला. मग करपायला लागला. मला वाटलं, नाही जमणार. फार वाईट वाटलं रे. पायाचं काही वाटत नव्हतं, ह्याचं वाटलं. आणि मग ते बटणाचं टिक् ऐकू आलं.’

मी चिडलो होतो. इतका की मला बोलता येईना, आणि मला ओळखणाऱ्यांना याचा अर्थ कळेल. शेवटी म्हटलं, ‘असला जुगार कशाला खेळलात? मेला असतात तिथे!’

‘जुगार कसला? माझ्यासारख्या झडपेची बाई, वर खुबा मोडलेला. अशी केस आली की मी सर्जनला बाजूला घेऊन सांगायची, नातेवाइकांना बोलावून घ्या म्हणून. पडले तेव्हाच मला समजलं होतं. मग म्हटलं, हातात एवढंच आहे तर तेवढं तरी बघून जावं.’

शाल्मली आली. आईनं तिला एकच वाक्य सांगितलं, ‘बाबांनी स्वतःहून बोलावलं. कोणी सांगितलं नव्हतं.’ शाल्मलीनं माझ्याकडे पाहिलं. मी होकारार्थी मान हलवली. ती बाबांच्या गुडघ्यावर डोकं ठेवून लहान मुलीसारखी रडली. ‘बाबा घरी राहील, आई. आय प्रॉमिस्ड.’ काका म्हणाले, ‘बरं.’ आणि काकूंनी त्याचा अर्थ कोणाला सांगितला नाही.

हाड न बसवताही धोका होता आणि बसवतानाही. काकूंनी बसवा म्हणून सही केली. भूल द्यायला एक तरुण डॉक्टर आला, त्याला त्यांनी औषधं कुठली, किती, कशी हळूहळू द्यायची ते सगळं विचारलं आणि त्याची उत्तरं ऐकून म्हणाल्या, ‘गुड बॉय.’ त्या लोकांनी काही कमी केलं नाही. ऑपरेशन पार पडलं. काकू थोड्या वेळासाठी जाग्याही झाल्या, काकांचा हात हातात घेतला. संध्याकाळी हृदय थांबलं.

अंत्यविधीला सारी पार्सिपनी लोटली होती. वेस्ट विंडसरहूनही लोक आले होते. या वेळी गाड्यांची रांग खरोखरच रस्त्यापर्यंत गेली होती. इथे अग्नी द्यायचा म्हणजे लाकडं नाहीत, मडकं नाही. काचेपलीकडे पेटी आत सरकते, पोलादी झडप बंद होते, आणि अलीकडे भिंतीवर एक बटण असतं. ते घरच्यांपैकी कोणीतरी दाबायचं. आमचे गुरुजी, जे एरवी बँकेत डेटाबेस सांभाळतात, हलक्या आवाजात शाल्मलीला म्हणाले, ‘मंत्र संपले की मी सांगतो, तेव्हा दाबा.’

शाल्मली पुढे झाली. तिच्या मागून काठीचा आवाज आला. काका उठले होते. त्यांना कोणी उठा म्हटलं नव्हतं. त्यांनी काठी माझ्या हातात दिली, आणि डावा हात भिंतीकडे नेला. शाल्मली बाजूला झाली.

मंत्र संपले. गुरुजींनी सांगायला तोंड उघडलं. शाल्मलीनं हात वर करून त्यांना थांबवलं.

सगळे उभे होते. काकांनी काचेपलीकडे पाहिलं, मग बटणाकडे, मग पुन्हा काचेपलीकडे. आम्ही वाट पाहिली. त्यांना हवा तेवढा वेळ त्यांनी घेतला. मग त्यांनी बटण दाबलं.

आतून घुमल्यासारखा आवाज सुरू झाला. तिथला माणूस जवळ आला, काकांच्या खांद्याला हात लावून म्हणाला, ‘इट्स डन, सर. यू कॅन लेट गो नाऊ.’ त्यानं ते आणखी एकदा म्हटलं. काकांनी अंगठा उचलला नाही.